चालत्या मागावर पाळी

भिकनआप्पाच्या करदोड्याला एक किल्ली होती. पितळेची, करंगळीएवढी. आंघोळ करताना ती पोटावर लोंबायची, झोपेत कुशीखाली रुतायची, पण आप्पाने ती कधी सोडून ठेवली नाही. सुरतेतल्या लिंबायतच्या त्या गल्लीत सगळ्या घरांचं मिळून एक बोअर, बोअरवर मोटर, मोटरच्या बटणावर लोखंडी पेटी, नि पेटीला कुलूप. त्या कुलपाची ही किल्ली. एवढ्याशा किल्लीत काय एवढं, असं वाटत असेल तर मे महिन्यात रिकामा हंडा घेऊन एकदा उभं राहून बघावं.

किल्ली आप्पाकडे आली ती प्लेगात. चौऱ्याण्णव साली सुरतेत रोगाची हाकाटी झाली आणि बघता बघता गल्ली ओस पडली. उधन्याच्या टेसनावर माणसावर माणूस. जो तो भुसावळकडच्या गाडीला लटकून खान्देश गाठायच्या मागे. ज्याच्याकडे तोवर किल्ली होती त्याने ती आप्पाच्या हातात कोंबली, "आप्पा, आत्ते येस मी," म्हणाला, आणि गेला तो धरणगावलाच कायमचा राहिला.

आप्पा हलला नाही. त्यात शूरपणा काही नव्हता. बायको तारा पोरीच्या, सोनालीच्या, बाळंतपणाला गावी गेली होती. ओल्या बाळंतिणीच्या घरात आपण रोग घेऊन कशाला जायचं, एवढाच हिशेब. राहिला. गटारीत फिनेल ओतलं, मागे राहिलेल्या म्हाताऱ्याकोताऱ्यांना पाणी दिलं, सखुबाईची शेळी सांभाळली, कोणाच्या कुलपाला हात लागू दिला नाही. लोक परत आले तर घरं जशीच्या तशी, शेळी उलट जाड झालेली. सखुबाई म्हणजे गल्लीची तिखट जीभ. तीसुद्धा त्याच्या पाया पडली. मग किल्ली परत मागायची कोणाची छाती?

मान गुळासारखा असतो. खडा तोंडात टाकावा, ढेप उशाला घेऊ नये, मुंग्या लागतात. आप्पाला त्या हळूहळू लागल्या. दिवसपाळी असली की मोटर पहाटे, रातपाळी असली की तो घरी येऊन चहा पिऊन झाल्यावर. चढेल आवाजात कोणी बोललं की त्याचा हंडा शेवटी. एकदा कोणीतरी रिक्षा धुतली म्हणून त्याने अख्खा दिवस पेटी उघडलीच नाही. सखुबाई पायरीवर बसून गल्लीला ऐकू जाईल असं म्हणाली, "मोटर गल्लीनी, पानी जमिननं, नि गरमी मातर आप्पानी!"

तोंडावर बोलला तो दत्तू. दत्तू जालन्याकडचा, आप्पाहून वीसेक वर्षांनी लहान, बायको रुक्मिणी नि लहान पोर घेऊन गल्लीच्या टोकाला राहायचा. आप्पाचं नि त्याचं नातं मात्र घरचं नव्हतं, मागाचं होतं. उधन्याच्या एका खात्यात, म्हणजे मागांच्या कारखान्यात, एकाच चार मागांवर दोघं कामाला. एक दिवसपाळीला, दुसरा रातपाळीला. आठवडा संपला की अदलाबदल. त्यामुळे एक जागा तेव्हा दुसरा झोपलेला. भेट होई ती फक्त सकाळ-संध्याकाळ, पाळी बदलताना.

ही पाळी बदलायची एक रीत होती. माग थांबवायचा नाही. येणारा जाणाऱ्याच्या शेजारी उभा राहतो, त्याने मागावर हात ठेवला की मगच जाणारा आपला हात काढतो. आणि हात काढण्याआधी कानाशी तोंड नेऊन ओरडतो: या मागाचा तार तुटतोय, त्याचं उभ्या तारांचं बीम संपत आलंय. आवाज असा की ओरडल्याशिवाय पर्याय नाही. म्हणून खात्यातली माणसं घरीसुद्धा मीठ मागताना भांडल्यासारखी बोलतात.

तर दत्तू त्या दिवशी मोटरपाशी म्हणाला, "आप्पा, तुमी लई केलं, कोन नाही म्हन्तंय? पर आता किल्ली पाळीनं फिरू द्या. एक महिना एक घर. म्हंजी तुमच्यावरबी भार नाही."

आप्पाचा चेहरा उतरला, मग चढला. "पाळी? तुम्ही प्लेगमां पळी गयथात, तव्हय कोठे गयथी तुम्हनी पाळी? पळपुटा कोन्हाना!"

दत्तूच्या कडेवर पोर होतं. त्याने पोराला दुसऱ्या कडेवर घेतलं आणि रिकामी बादली उचलून निघून गेला. त्या दिवसापासून दोघांत अबोला. पाळी बदलताना हातावर हात यायचा, हात निघायचा, तोंड बंद. माग चालतच होते. मागांना काय, ते थोडेच कोणाच्या रुसव्याने थांबतात.

अशात त्या बुधवारी सखुबाईने गल्ली उठवली.

दुपारी टीव्हीपुढे ती तांदूळ निवडत होती. गल्लीतला एकुलता एक रंगीत टीव्ही तिच्या घरात, आणि त्याचा आवाज तिच्या आवाजाएवढाच. दिल्लीची बाई सांगत होती, आज रात आठ बजे देखिए, संक्रमण. पुढचं सखुबाईने ऐकलंच नाही. प्लेगात रिक्षावरचा भोंगा दिवसभर हाच शब्द ओरडत फिरला होता, संक्रमण से बचिए, संक्रमण फैल रहा है. सूप तिथंच टाकून ती रस्त्यावर आली. "व माय वं! परत उना! टीव्हीवर सांगं! संक्रमण उनं!"

आप्पा दिवसपाळीहून परत आला तेव्हा गल्लीत गाठोडी बांधून झाली होती. रुक्मिणी पोराला छातीशी बांधून दारात उभी, दत्तू रातपाळीला गेलेला. तारा चुलीवर कडुनिंबाचा पाला उकळत होती. सगळ्यांच्या नजरा आप्पावर. आणि आप्पा, बारा तास उभा राहून आलेला माणूस, एकदम दहा वर्षांनी लहान झाला. "कोन्ही हलानं नही! फिनेल काढा! मोटर मी चालू करस!" करदोड्याची किल्ली त्याने अशी काही ओढली की जणू म्यानातून तलवार.

गटारी धुऊन झाल्या. आठ वाजले. गल्ली नाकाला रुमाल बांधून सखुबाईच्या ओट्यावर टीव्हीपुढे बसली, रोग कोणत्या भागात आलाय ते बघायला.

टीव्हीत कोट घातलेली गोरी माणसं एका लांब मेजाभोवती बसून पाणी पीत होती.

"यासले काय व्हयेल शे?" तारा म्हणाली.

"ह्या तं धडधाकट दखाई ऱ्हायनात," सखुबाई म्हणाली. "एकबी खोकली नही ऱ्हायना."

पाचेक मिनिटं सगळे त्यांच्या खोकण्याची वाट बघत बसले. मग हिंदीतला आवाज सेना, सत्ता, चुनाव असं बोलू लागला, आणि हळूहळू उलगडा झाला. समुद्रापलीकडच्या कुठल्याशा देशाची ही गोष्ट. देशाचं नाव कोणाच्याच जिभेवर शेवटपर्यंत बसलं नाही. तिथं बरीच वर्षं एका सेनापतीचं राज्य होतं. आता मारामारी न करता, बोलणी करून, लोकांचं राज्य आणायचं चाललं होतं. हे जे इकडून तिकडं जाणं, त्यालाच तो हिंदीवाला संक्रमण म्हणत होता. दर बुधवारी एक भाग.

"मंग संक्रात म्हना ना, मेलाहोन!" सखुबाईने नाकावरचा रुमाल ओढून काढला. "सूर्य या राशीमाईन त्या राशीमां गया, एवढंच ना? जीव काढी लिधा मन्हा!"

हसत हसत गाठोडी सुटली. आप्पाही हसला. पण आत कुठेतरी, तिळाएवढं, त्याला वाईट वाटलं. रोग आला असता तर बरं झालं असतं असं नाही. पण संध्याकाळी सगळी गल्ली त्याच्याकडे जशी बघत होती, तशी आता बघत नव्हती. त्याला स्वतःचीच लाज वाटली आणि तो उठणार, तेवढ्यात टीव्हीत तो सेनापती आला.

जाड मिशी, छातीवर बिल्ले. एके काळी देश पेटला होता तेव्हा याने येऊन आग विझवली, लोकांनी खांद्यावर घेतलं, आणि मग तो खुर्चीवरून उठलाच नाही, असं हिंदीवाला सांगत होता.

"आप्पा," सखुबाई गोड आवाजात म्हणाली, "तुम्हना भाऊ दखा, टीव्हीमां उना."

ओटा खदखदला. आप्पा उठायचा तो बसूनच राहिला. त्या मिशीवाल्याचं पुढे काय होतं, हे त्याला बघायचं होतं. राज्य कोणाचं आलं, कायदा काय झाला, त्याच्याशी त्याला देणंघेणं नव्हतं. खुर्चीवरून उतरलेला माणूस मग बसतो कुठं? एवढंच.

पण पुढच्या बुधवारी त्याची रातपाळी. सकाळी घरी येताच त्याने ताराला विचारलं.

"माले जप लागी गयी," तारा म्हणाली. झोप लागून गेली म्हणे. "पन त्या बायासना कपडा मातर भारी व्हतात."

मग तो सखुबाईच्या दारावरून उगाच दोनदा गेला. ती काय, वाटच बघत होती. "मिशीवाला ना? अरे देवा! त्यानी तं धिंड काढी, आप्पा. गधडावर बसाडं. उलटं."

आप्पाला जेवण गेलं नाही. ताट पुढ्यात घेऊन नुसताच बसला. तारा म्हणाली, "सोनालीना बाप, जेवा. गधडावर त्याले बसाडं, तुम्हले नही."

गल्लीत तो भाग नीट बघितलेला एकच माणूस होता. दिवसपाळीवाला दत्तू. आणि दत्तूला विचारायचं म्हणजे तोंड उघडायचं.

ते उघडलं, पण मिशीवाल्यामुळे नाही. त्या रात्री चौथ्या नंबरच्या मागाचा धोटा सारखा उड्या मारत होता. धोटा म्हणजे आडवा तार घेऊन इकडून तिकडे पळणारा लाकडी होडीसारखा तुकडा, दोन्ही टोकांना लोखंड. पट्टी ढिली झाली की तो मागातून बाहेर उडतो आणि समोर जे असेल त्याला लागतो. आप्पाला ठाऊक होतं. रात्रभर त्याने तो माग अंगावरच्या लेकरासारखा सांभाळला. सकाळी दत्तू आला, हातावर हात आला, आप्पाने हात काढला, आणि सवयीने तोंड कानाकडे गेलेलं त्याने परत घेतलं. अबोला म्हणजे अबोला.

तो दारापाशी चपला घालत होता तेव्हा फटकन आवाज आला. धोटा दत्तूच्या कानाजवळून गेला आणि भिंतीचा गिलावा उडाला. मागांवर देखरेख करणारा गुजराती मास्तर ओरडला, "अल्या, शुं थयुं?" दत्तूने माग बंद केला, धोटा उचलला, तो घेऊन दारापर्यंत आला. शिवी देईल असं आप्पाला वाटलं. दिली असती तर सोपं झालं असतं.

"आप्पा," तो म्हणाला, "पान्याचं भांडन पान्यापाशी ठिवा. मागापाशी नका आनू. मला एक पोरगं हाय."

आप्पा घरी गेला, पण त्या दिवशी त्याला झोप आली नाही. किल्ली कुशीखाली फार रुतली. संध्याकाळी तो पाळीच्या आधीच खात्यात पोचला, स्वतः खाली वाकून चौथ्याची पट्टी आवळली, मग दत्तूच्या शेजारी उभा राहिला. हातावर हात ठेवला आणि त्याच्या कानात ओरडला, "पट्टी आवळी दिन्ही! मन्ही चूक व्हती!"

दत्तूने मान हलवली. हात काढला. आप्पाने त्याचं मनगट धरून ठेवलं.

"एक सांग. त्या मिशीवालाले खरंच गधडावर बसाडं का रे?"

दत्तू आधी कळलंच नाही अशा चेहऱ्याने बघत राहिला. मग असा हसला की शेजारच्या मागावरचा माणूस वळून बघायला लागला. "कोन बोललं? सखुबाई? अवो आप्पा, गाढव नाही न् काही नाही! मेजावरून भांडनं चाललीत त्यांची. कोन वरच्या अंगाला बसनार, कोन खालच्या. आपल्यात जावई रुसतो तसं. शेवटी सुताराला बोलावून गोल मेज केलं. वरची बाजूच नाही!"

"नि मिशीवाला?"

"बसला की. सगळ्यांसंगं."

आप्पाने हुश्श केलं. त्या रात्री चारही माग गाण्यासारखे चालले.

मग ते चालूच राहिलं. एका बुधवारचा भाग आप्पाच्या डोळ्यांनी, दुसऱ्याचा दत्तूच्या. दोघांनी मिळून एक अख्खी गोष्ट. पाळी बदलताना आधी मागाचं बोलायचं, मग त्या देशाचं. आप्पा तिसरा भाग सांगताना जरा अडखळला. त्यात मिशीवाल्याने नि विरोधातल्या चष्मेवाल्याने एक ठराव केला होता: मागचं उकरायचं नाही. याने त्याला 'देश बुडवायला निघालेला' म्हणायचं नाही, त्याने याला 'खुनी' म्हणायचं नाही. आप्पाला हे गिळून टाकता आलं असतं. त्याच्याकडे प्लेगाशिवाय दुसरा हुकमाचा पत्ता होता कुठं? पण अर्धी गोष्ट खोटी सांगितली तर दुसरी अर्धीही खोटी मिळेल, एवढं त्याला कळत होतं. सखुबाईच्या गाढवाने ते शिकवलं होतं. त्याने जसं होतं तसं सांगितलं.

दत्तूने एक तुटका तार जोडला. "मंग आप्पा, तुमी पळपुटा म्हनायचं सोडा. म्याबी गल्लीत तुमाला हुकूमशा म्हनायचं सोडतो."

"तू माले हुकूमशा म्हनस?"

"सगळेच म्हन्तेत."

दत्तूच पुढे ओरडला, कारण खात्यात हळू आवाजातलंसुद्धा ओरडूनच सांगावं लागतं. "तवा पोरगं तीन महिन्याचं होतं. रुक्मिनीला ताप. आत जागा नव्हती, डब्याच्या दारात उभा ऱ्हायलो, पोरगं गमजानं छातीला बांधून. दर टेसनाला बघायचो, श्वास चालतोय का. पळालोच आप्पा. खोटं नाही ते."

आप्पाने खाली बघून बॉबीन बदलली. एवढ्या दिवसांत त्याने हे कधी विचारलं नव्हतं.

चौथ्या भागात बोलणी मोडली. रस्त्यावर रणगाडे आले, पुन्हा गेले. पाचव्यात मतदानाचा दिवस ठरला. आणि शेवटचा भाग आला तो नेमका आप्पाच्या रातपाळीत.

त्या संध्याकाळी आप्पा आला, हात पुढे केला, तर दत्तू मागावरून हटेना. "तुमी जा मागं. बघून या. तोवर म्या हाय हितं."

"नि तू? तू कसा दखशी?"

"तुमी सांगनार की."

दिवसभर उभा राहून दत्तूच्या पायांना गोळे आले होते. उभं राहण्यावरून ते दिसत होतं. आप्पाने दोनदा नाही म्हटलं, तिसऱ्यांदा म्हटलं नाही. एका ओळखीच्या रिक्षाने तो गल्लीत आला आणि सखुबाईच्या ओट्यावर अगदी पुढे बसला. सखुबाईही त्या दिवशी कुचकं काही बोलली नाही, उलट तिने ग्लासभर पाणी पुढे केलं.

भागात ढोल होते, झेंडे होते, रडणाऱ्या म्हाताऱ्या होत्या. हिंदीवाला बोलत होता, बोलत होता. मिशीवाल्याचं नावही नाही. आप्पाला वाटलं, संपलं, आता दाखवतच नाहीत. आणि मग एका शाळेबाहेरची रांग दिसली. रांगेत मधेच तो. बिल्ले नाहीत, साधा सदरा. पुढे टोपली घेतलेली एक बाई, मागे एक पोरगेला मजूर. कोणी बाजूला सरकत नव्हतं, कोणी दगडही मारत नव्हतं. तो या पायावरून त्या पायावर भार देत होता, जसे सगळेच देतात. टोपलीवाली मागे वळून काहीतरी म्हणाली आणि तो हसला. एवढंच. पुढे दुसरं काही दाखवू लागले.

आप्पा खात्यात परतला. दत्तूच्या शेजारी उभा राहिला, मागावर हात ठेवला.

"काय झालं?" दत्तू ओरडला.

"रांगमां उभा व्हता!"

"कोन?"

"मिशीवाला! रांगमां! लोकेसनी मझार!"

"मंग? पुढं?"

"पुढे काय? पुढे त्याना नंबर उना व्हई."

दत्तूने हात काढला. घरी जायला वळला, तसं आप्पाने त्याला हाकेने थांबवलं. "मोटर बिघडनी तं हात मीच लाईसू. दुसराले लावू देवानं नही. नि किल्लीना पहिला महिना तुन्हा. कबूल?"

"कबूल. न् प्लेग?"

आप्पाने दाढी खाजवली. हा सौदा त्याला महाग पडत होता. "कोन्हीच नाव काढानं नही," तो शेवटी म्हणाला. "मीबी नही."

सुट्टीच्या दिवशी सकाळी आप्पाने पेटी उघडली, बटण दाबलं. मोटर घुरघुरली, पाणी आलं, पहिला हंडा भरायला लागला. त्याने करदोड्याची गाठ सोडायला घेतली. इतक्या दिवसांची गाठ, घामाने दगड झालेली. शेवटी ताराने दाताने सोडवली, आणि गल्ली हसली. पाणी चालू असतानाच त्याने किल्ली दत्तूच्या हातावर ठेवली. दत्तूची मूठ मिटली, मगच आप्पाने हात काढला. भाषण कोणी केलं नाही. सखुबाई तेवढी म्हणाली, "झाई संक्रात. आते तिळगूळ कोन देस?"

मग आप्पा घरात गेला, हंडा घेऊन बाहेर आला, आणि जिथं रांग संपत होती तिथं जाऊन उभा राहिला. पुढे रुक्मिणी, तिच्यापुढे सखुबाई. ऊन चढत होतं. त्याने एका पायावरचा भार दुसऱ्या पायावर घेतला. रुक्मिणी मागे वळली, पुढे येता का म्हणून तिने हाताने विचारलं; त्याने मानेने नको सांगितलं.

रांग सरकेना. पुढे कोणीतरी दोन बादल्या लावल्या होत्या. उभ्या उभ्या आप्पाच्या ओठांवर जुनी सवय आली. "प्ले..."

सगळी रांग मागे वळली. दत्तूने मोटरपाशी मान वर केली. सखुबाई तर पूर्ण वळून, कमरेवर हात ठेवून उभी. "काय म्हनी ऱ्हायनात, आप्पा?"

आप्पाने पुढच्या बादल्यांकडे बोट दाखवलं.

"प्लास्टिकनी बादली," तो म्हणाला, "ती प्लास्टिकनी बादली सरकाव जराशी, व माय. रांग अडी ऱ्हायनी."